हेडमास्तरांचा सिनेमा

स्मरणिकेसाठी एखाद्या शिक्षकाविषयी लिहा, असे संपादक मंडळाने कळवले, तोवर आपल्या शाळेतल्या बहुतेक गुरुजनांवर कोणी ना कोणी लेख द्यायचे कबूल करून टाकले होते. म्हणून मी एक असे हेडमास्तर निवडले, जे आपल्या शाळेत कधीच नव्हते. पण आपल्यापैकी प्रत्येकाने त्यांच्याकडून काही ना काही घेतलेले आहे. प्रल्हाद केशव अत्रे.

आपल्या बॅचच्या ग्रुपवर दर १३ ऑगस्टला, म्हणजे त्यांच्या जयंतीला, अत्र्यांचे किस्से फिरतात. त्यांतले निम्मे तरी त्यांचे नसावेत. कोणी 'तो मी नव्हेच'ची आठवण काढतो, कोणी शिवाजी पार्कवरच्या सभांची, कोणी 'मराठा'तल्या अग्रलेखांची. नाटककार, वक्ता, संपादक, विडंबनकार ही सगळी रूपे आपल्याला माहीत आहेत. सिनेमासाठी लिहिणारे अत्रे मात्र या गर्दीत मागे राहतात. 'हो, त्यांनी सिनेमेही काढले' एवढ्या एका वाक्यात तो विषय संपतो. मी सारी नोकरी मराठी शिकवण्यात घालवली. त्यामुळे असेल, पण मला या वाक्यापाशी थांबावेसे वाटते. स्वतंत्र भारताने सर्वोत्कृष्ट चित्रपटाला दिलेले पहिले सुवर्णपदक ज्या माणसाने मिळवले, तो मुळात शाळामास्तर होता. हा योगायोग नव्हता, असे माझे म्हणणे आहे आणि तेच या लेखात मांडायचे आहे.

अत्र्यांचा जन्म १३ ऑगस्ट १८९८ चा, सासवडजवळच्या कोढीत खुर्द गावचा. कऱ्हा नदीचा तो परिसर. पुढे आत्मचरित्राला त्यांनी 'कऱ्हेचे पाणी' असे नाव दिले ते त्यामुळेच. पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजातून १९१९ साली ते बी. ए. झाले. राम गणेश गडकऱ्यांना त्यांनी गुरू मानले होते. 'केशवकुमार' या नावाने लिहिलेल्या विडंबन कवितांचा 'झेंडूची फुले' हा संग्रह १९२५ साली आला आणि त्या काळच्या काव्यातला भाबडेपणा उघडा पडला. पण हे सगळे लिहीत असताना त्यांचा व्यवसाय होता मास्तरकीचा. पुण्याच्या लष्कर भागातल्या कॅम्प एज्युकेशन सोसायटीच्या शाळेचे ते अनेक वर्षे मुख्याध्यापक होते.

या शाळेचा विचार केल्याशिवाय अत्र्यांचा सिनेमा कळत नाही. पेठांमधल्या नामांकित शाळांसारखा तिथला विद्यार्थी नव्हता. निरनिराळ्या जातिधर्मांची, बेताच्या परिस्थितीतली मुले एका वर्गात बसत. कोणाच्या घरी पुस्तकांची कपाटे, तर कोणाच्या घरात अक्षरओळखच नाही. अशा वर्गाला शिकवणाऱ्याला दोनच वाटा असतात : पहिल्या बाकासाठी शिकवायचे, नाहीतर शेवटच्या बाकासाठी. समोर बसलेल्या गुरुजनांना हे मी सांगायला नको. अत्र्यांनी शेवटचा बाक धरला आणि पहिल्या बाकाला कंटाळा येणार नाही याची काळजी घेतली. हसवणे हे त्यांचे त्यासाठीचे साधन होते.

अध्यापनाचे शास्त्र शिकायला ते इंग्लंडला गेले आणि १९२८ साली लंडन विद्यापीठाची शिक्षक-पदविका घेऊन परतले. क्रमिक पुस्तके रुक्ष असतात ही त्यांची तक्रार जुनीच होती. त्यांनी ती नुसती बोलून दाखवली नाही, तर 'नवयुग वाचनमाला' तयार केली. मुलांच्या जिभेवर असलेली भाषा, छोटी वाक्ये, गोष्टीतून पुढे सरकणारा धडा. महाराष्ट्रातल्या कितीतरी मुलांना मराठीची गोडी या पुस्तकांनी लावली. मुलींसाठी त्यांनी पुण्यात आगरकर हायस्कूल काढले. ती शाळा पुढे या लेखात पुन्हा येणार आहे.

आता त्या वेळच्या सिनेमाकडे वळू. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ सालचा. त्यानंतरची सुमारे अठरा वर्षे आपला पडदा मुका होता. मुक्या चित्रपटाला गोष्ट लागे, पण संवाद लिहिणारा लागत नसे. मधल्या पाट्यांवर चार ओळी आल्या की भागे. १९३१ साली 'आलम आरा' बोलला, पुढच्याच वर्षी 'प्रभात'चा 'अयोध्येचा राजा' मराठीतून बोलला आणि एका वर्षात चित्र पालटले. कंपन्यांकडे कॅमेरे होते, नट होते, गवई होते. नव्हता तो लेखक. पडद्यावरच्या माणसांनी बोलायचे काय आणि कसे, हे कोणालाच धड ठाऊक नव्हते. आधार एकच होता, तो म्हणजे रंगभूमीचा. त्यामुळे सुरुवातीचे बोलपट पुष्कळदा पौराणिक नाटकासारखे बोलत आणि दर थोड्या वेळाने गात.

कोल्हापुरात १९३६ साली मास्टर विनायक, बाबूराव पेंढारकर आणि छायालेखक पांडुरंग नाईक यांनी 'हंस पिक्चर्स' काढली. त्यांना पुराणकथा नको होत्या, आजच्या माणसांच्या गोष्टी हव्या होत्या. त्यांनी लेखक निवडले ते दोन आणि दोघेही शाळामास्तर! पहिल्या 'छाया' चित्रपटाची कथा वि. स. खांडेकरांची, ते तेव्हा कोकणात शिरोड्याच्या शाळेत शिकवत होते. दुसरे अत्रे. खांडेकरांचा पिंड गंभीर, ध्येयवादी, अत्र्यांचा थट्टेखोर. एकाच कंपनीने या दोन टोकांच्या मास्तरांकडून लिहून घेतले, यातून विनायकांची दृष्टी दिसते. अत्रे तोवर 'साष्टांग नमस्कार', 'घराबाहेर', 'लग्नाची बेडी' या नाटकांनी घराघरांत पोचले होते. प्रेक्षक कुठे हसतो आणि कुठे खुर्चीत चुळबुळतो, हे त्यांना वर्ग आणि रंगमंच या दोन्ही ठिकाणी कळलेले होते.

'हंस'साठी त्यांनी १९३७ साली 'धर्मवीर' लिहिला. इब्सेनच्या एका नाटकाचे बीज घेऊन समाजात धर्मात्मा म्हणून मिरवणाऱ्याचे ढोंग त्यात उघडे केले होते. त्याच वर्षी 'प्रेमवीर' आला. पण खरा गाजला तो १९३८ चा 'ब्रह्मचारी'. औदुंबर नावाचा तरुण ब्रह्मचर्यावरचे व्याख्यान ऐकून भारावतो, घरातली नट्यांची चित्रे काढून टाकतो, व्यायामाला लागतो, एका आचार्याच्या आश्रमात दाखल होतो आणि तिथेच किशोरी नावाच्या मुलीच्या प्रेमात पडतो. औदुंबर झाले होते विनायक आणि किशोरी मीनाक्षी. मीनाक्षीच्या पोहण्याच्या पोशाखातल्या गाण्याने तेव्हा केवढी खळबळ उडाली होती, हे आपल्या आधीची पिढी सांगत असे.

त्या गाण्याच्या चर्चेत चित्रपटाची रचना मात्र झाकली गेली. 'ब्रह्मचारी' म्हणजे एका शब्दाचा धडा आहे. व्याख्यानात तो शब्द भारदस्त वाटतो. अत्रे तो उचलून रोजच्या व्यवहारात ठेवतात : अंथरुणात, जेवणाच्या पानावर, तालमीत, बागेत. प्रत्येक ठिकाणी तो थोडा थोडा सैल होत जातो. शब्द तोच, प्रसंग वेगळा. व्याकरणाचा अवघड नियम उदाहरणे देत देत मुलांच्या गळी उतरवावा, तशी ही रचना आहे. त्यात ब्रह्मचर्याची टवाळी आहे असे काहींना वाटले; माझ्या मते टवाळी आहे ती न पचलेल्या उपदेशाची. रोज उपदेश करण्याचाच ज्याचा धंदा, त्या माणसाने ती लिहावी, यात मला प्रामाणिकपणा दिसतो.

पुढच्या वर्षी 'ब्रँडीची बाटली' आला. मुंबई प्रांतात १९३९ सालीच दारूबंदी सुरू होत होती. अत्र्यांनी नगरपालिकेतला एक भोळा कारकून घेतला, बगाराम त्याचे नाव. आवडत्या मुलीच्या आजारी भावासाठी औषध म्हणून ब्रँडी हवी आहे आणि ती आणण्याचे काम, दारूचा वासही माहीत नसलेल्या या माणसावर आले आहे. दामुअण्णा मालवणकरांनी हा बगाराम असा उभा केला, की मराठी पडद्यावरच्या विनोदी माणसाचा तो एक नमुनाच होऊन बसला. इथेही रचना साधी : एक वस्तू, एक शोध आणि वाटेत भेटणारा सगळा समाज.

यातली आणखी एक गोष्ट सिनेमाच्या इतिहासाच्या दृष्टीने मोलाची आहे. 'हंस'ने 'ब्रह्मचारी' आणि 'ब्रँडीची बाटली' मराठीत आणि हिंदीत, दोन्ही भाषांत काढले. सेट तोच, नट बहुतेक तेच. तेव्हाच्या पुण्या-कोल्हापूरच्या कंपन्या अशाच चालत. मराठी मुलूख लहान, खर्च भरून काढायचा तर पेशावरपासून मद्रासपर्यंत चित्र चालले पाहिजे. याचा लेखकावर परिणाम होतो. कोटी, म्हण, शब्दाचा श्लेष हे दुसऱ्या भाषेत टिकत नाही. टिकतो तो प्रसंग. शब्दांवर एवढी हुकमत असलेल्या अत्र्यांनाही प्रसंगावर भिस्त ठेवून लिहावे लागले. सिनेमाने त्यांच्याकडून करून घेतलेला हा अभ्यास होता आणि पुढे तो फार उपयोगी पडला.

चाळीस सालानंतरची दहा-बारा वर्षे मी थोडक्यात आटोपतो, कारण ती फारशी सुखाची नाहीत. 'हंस' मिटली, 'नवयुग' चित्रपट कंपनी उभी राहिली. तिच्यासाठी अत्र्यांनी 'लपंडाव' (१९४०) लिहिला. मग त्यांनी स्वतःची 'अत्रे पिक्चर्स' काढली. सासुरवासावरचा 'पायाची दासी' (१९४१) चांगला चालला. दुर्गाबाई खोट्यांनी त्यात सासू केली होती. 'मृच्छकटिक'वरून 'वसंतसेना' (१९४२) झाला. पण लेखणी चालवणे वेगळे आणि कंपनी चालवणे वेगळे. महायुद्धात कच्च्या फिल्मवर सरकारी नियंत्रण आले, मोठ्या कंपन्या खिळखिळ्या झाल्या, आणि निर्माता म्हणून अत्र्यांची पैशाची ओढाताण होत राहिली. याच काळात 'नवयुग' साप्ताहिक, नाटके, सभा, भांडणे हे सगळे चालूच होते. या वर्षांतल्या त्यांच्या चित्रपटांत पात्रे पुष्कळदा अत्र्यांसारखीच बोलतात. बोलणे फर्डे असते, पण माणसे वेगळी वाटत नाहीत. १९५० साली कोणी म्हटले असते की सिनेमातले अत्रे संपले, तर ते फारसे चुकीचे ठरले नसते.

मग १९५३ साली 'श्यामची आई' आला.

साने गुरुजींनी हे पुस्तक १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात लिहिले. गुरुजीही मास्तरच, अमळनेरच्या प्रताप हायस्कुलातले. त्यांचे १९५० साली निधन झाले होते. पुस्तक घरोघरी पोचलेले होते, पण पटकथा लिहायला बसणाऱ्याच्या दृष्टीने ते अतिशय अवघड आहे. त्यात कथानक असे नाहीच. बेचाळीस रात्री श्याम आपल्या मित्रांना आईच्या आठवणी सांगतो आणि प्रत्येक आठवणीनंतर तिचा अर्थही सांगतो. सिनेमात अर्थ सांगत बसले की प्रेक्षक उठून जातो. शिवाय गुरुजींचा सूर अश्रूंचा आणि अत्र्यांचा हास्याचा. दहा हजार वर्षांचा दाखला दिल्याशिवाय ज्यांचे कोणाचे कौतुक पुरे होत नसे, त्या माणसाला इथे आवाज खाली आणायचा होता.

त्यांनी तो आणला. निर्मिती, दिग्दर्शन आणि पटकथा तिन्ही त्यांचीच. पायाचा प्रसंग आठवा. आंघोळ झाल्यावर ओल्या तळव्यांना माती लागू नये म्हणून श्याम आईला पदर पसरायला लावतो आणि त्यावर पाय ठेवून देवघराकडे जातो. आई त्याला सांगते, की पायांना जसा जपतोस तसा मनालाही जप. पुस्तकात या प्रसंगाभोवती पुष्कळ निरूपण आहे. पडद्यावर जुनेर लुगडे, पोराचे पाय आणि आईचा चेहरा एवढ्यावर काम भागते. पोहायला घाबरून लपून बसणारा श्याम आणि त्याला फोक हातात घेऊन बाहेर काढणारी आई, हाही प्रसंग तसाच. मायाळू आई हातात फोक घेते, यातच सगळे आले. सुटे सुटे प्रसंग एकत्र बांधले आहेत ते घरावर चढत जाणाऱ्या कर्जाने. सुस्थितीतले कुटुंब एकेक पायरी खाली उतरते आणि त्याच वेळी मुलगा एकेक पायरी वर चढतो. ही दुहेरी चाल धरली म्हणून बेचाळीस रात्रींचा एक सलग चित्रपट झाला.

आईच्या भूमिकेसाठी त्यांनी निवडले वनमालाबाईंना. सोहराब मोदींच्या 'सिकंदर'मधल्या त्या राजबिंड्या नायिकेला कोकणातल्या दरिद्री घरात, ठिगळाच्या लुगड्यात बसवणे हे धाडस होते. पण अत्रे त्यांना आधीपासून ओळखत होते. ग्वाल्हेरच्या या बाई सिनेमात येण्यापूर्वी अत्र्यांच्या त्या आगरकर हायस्कुलात शिक्षिका होत्या! श्याम झाला माधव वझे. संगीत वसंत देसायांचे. कृष्णाच्या बोटाला द्रौपदी चिंधी बांधते, ते आशाबाईंच्या आवाजातले गाणे अत्र्यांनीच लिहिले. म्हणजे पुस्तक एका मास्तरांचे, पटकथा दुसऱ्या मास्तरांची आणि आई झालेली नटीही एके काळची शिक्षिका.

केंद्र सरकारने चित्रपटांना पारितोषिके द्यायला १९५४ साली सुरुवात केली, ती १९५३ सालच्या चित्रपटांपासून. पहिलेच राष्ट्रपतींचे सुवर्णपदक 'श्यामची आई'ला मिळाले. त्याच वर्षी बिमल रॉय यांच्या 'दो बिघा जमीन'ला गुणवत्ता प्रमाणपत्र मिळाले, यावरून स्पर्धा कोणाशी होती ते ध्यानात येईल. त्यानंतर सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा हा मान मराठीला पुन्हा मिळायला २००३ सालचा 'श्वास' यावा लागला. मध्ये पन्नास वर्षे गेली.

आपल्या शाळेत हा चित्रपट दाखवला होता, ते बऱ्याच जणांना आठवत असेल. सभागृहाच्या खिडक्यांना सतरंज्या लावल्या होत्या आणि रीळ बदलताना दर वेळी दिवे लागत. दिवे लागले की मुले एकमेकांचे चेहरे बघत आणि डोळ्यांत काही गेल्यासारखे करत. आपल्या वर्गातले सगळ्यांत दांडगट तिघे त्या दिवशी मधल्या सुट्टीत अगदी गप्प होते. त्यांची नावे इथे छापत नाही, संमेलनाला ते येणार आहेत. पुढे शिक्षक झाल्यावर मी हा चित्रपट मुलांना अनेकदा दाखवला. काळ बदलला, मुलांच्या हातात फोन आले. तरी पायाच्या प्रसंगाला वर्गात शांतता होते, ती तशीच.

सुवर्णपदकानंतर कोणीही आणखी एक आईचा चित्रपट काढला असता. अत्र्यांनी काढला 'महात्मा फुले'. १९५४ साली जोतीरावांचे नाव पाठ्यपुस्तकांतून सहज भेटत नव्हते. पांढरपेशा घरांत तर ते अडचणीचेच नाव होते. मुहूर्ताला डॉ. बाबासाहेब आंबेडकर आले होते. गाडगेबाबांचे कीर्तन या चित्रपटात आहे. बाबूराव पेंढारकर जोतीराव झाले, सुलोचनाबाई सावित्रीबाई. अत्र्यांनी जोतीरावांच्या आयुष्यातून जे उचलून धरले ते पुन्हा शाळेचेच काम : १८४८ साली पुण्यात मुलींसाठी उघडलेला वर्ग, आधी स्वतःच्या बायकोला शिकवणे आणि मग तिला शिक्षिका करणे, त्यासाठी घर सोडावे लागणे. पेंढारकरांची ती उंच, ताठ मूर्ती पाहिल्यावर जोतीराव म्हटले की अनेकांच्या डोळ्यांसमोर तेच येत. या चित्रपटाला मराठीतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे रौप्यपदक मिळाले. लागोपाठ दोन वर्षे दोन राष्ट्रीय पदके आणि दोन्ही चित्रपटांच्या गाभ्याशी मूल घडवण्याचा प्रश्न.

त्यानंतर सिनेमा त्यांच्या हातून जवळजवळ सुटलाच. १५ नोव्हेंबर १९५६ ला दैनिक 'मराठा' निघाला, संयुक्त महाराष्ट्राची चळवळ पेटली, १९५७ साली ते विधानसभेत गेले. १३ जून १९६९ रोजी ते गेले, तेव्हा त्यांच्या आठवणींत चळवळ आणि भाषणे इतकी ताजी होती, की पटकथाकाराची आठवण काढायला कोणाला सवड नव्हती.

अत्र्यांचे सगळेच थोर होते असे मला म्हणायचे नाही. त्यांच्या लेखणीने माणसे दुखावली, काही वेळा विनाकारण. सिनेमातही जिथे ते केवळ टाळ्यांसाठी लिहितात तिथे ते आज जुने वाटतात. पण 'ब्रह्मचारी', 'श्यामची आई', 'महात्मा फुले' हे तीन चित्रपट एकापुढे एक ठेवले, तर मला एकच माणूस दिसतो. लष्करातल्या त्या संमिश्र वर्गासमोर उभा असलेला. पहिल्यात तो पोकळ उपदेशाला हसतो, दुसऱ्यात खरा संस्कार कसा होतो ते दाखवतो आणि तिसऱ्यात विचारतो, की ज्यांना वर्गात येऊच दिले नाही त्यांचे काय? शाळा सोडून गेलेला मास्तर शिक्षणाला मुकला असे आपण हळहळतो. इथे तसे झाले नाही. आपला सिनेमा नुकता बोलायला शिकत होता. त्याला अक्षरे गिरवून देणाऱ्यांत हा हेडमास्तर होता आणि फळा व पडदा यांत त्याने फारसा फरक केला नाही.

एक सूचना करून थांबतो. 'श्यामची आई' आपण शाळेत पाहिला. 'महात्मा फुले' आपल्यापैकी फार थोड्यांनी पाहिला असेल. संमेलनाच्या निधीतून काही रक्कम उरणार असे खजिनदार म्हणत आहेत. आठवी ते दहावीच्या आजच्या मुलांना सभागृहात हा चित्रपट दाखवावा आणि त्यानंतर एक तास त्यांच्याशी नुसत्या गप्पा माराव्यात. शिकवायला मी येतो. आपल्या बाईंनी आणि सरांनी पहिल्या रांगेत बसावे.